मूठ खाली आल्यावर

कोल्हापुरातल्या टोलच्या आंदोलनाची कात्रणं माझ्याकडे एका जुन्या फायलीत आहेत. चाळायला घेतली की लक्षात येतं, फोटो तीनच प्रकारचे आहेत. पहिला पुढाऱ्यांचा: हातात बॅनर, बॅनरच्या वर ओळीनं डोकी आणि प्रत्येकाची शेजारच्यापेक्षा अर्धं पाऊल पुढं राहायची धडपड. दुसरा गच्चीवरून काढलेल्या गर्दीचा. तिसरा पेटलेल्या टायरचा. तिन्ही खरे आहेत. काढणारी पोरं माझ्या माहितीतली. रेटारेटीत, लाठी चालू असताना पाय रोवून त्यांनी ते काढलेत, त्यांच्या कामाला मी नावं ठेवणार नाही. पण चार-पाच वर्षं जी माणसं खरोखर रस्त्यावर होती, ती या फायलीत शोधायची म्हटली तर भिंग घेऊन बसावं लागतं. गच्चीवरच्या फोटोत ती ठिपके आहेत. बॅनरच्या फोटोत कुणाचा अर्धा कान, कुणाची टोपी, एवढंच पुढाऱ्याच्या खांद्यामागून दिसतं.

मी स्टुडिओवाला माणूस. पासपोर्ट साइज, आयडेंटी साइज, लग्नं, बारशी आणि माणूस गेल्यावर हार घालायला एनलार्जमेंट, हा आमचा धंदा. पत्रकार नव्हे, कार्यकर्ता तर नव्हेच. मोर्चात जायला लागलो तो गावातला एक माणूस म्हणून. कॅमेरा बरोबर असायचा, कारण तो कायमच असतो.

बाहेरगावच्या वाचकांसाठी थोडक्यात सांगतो. शहरातले सुमारे ५० किलोमीटर रस्ते खाजगी कंपनीकडून ‘बांधा, वापरा, हस्तांतरित करा’ या पद्धतीनं करून घ्यायचं ठरलं. प्रकल्प २२० कोटींचा आणि त्याच्या वसुलीसाठी ३० वर्षं टोल. शहराच्या वेशीवर नऊ नाके. हायवेचा टोल माणूस निमूट भरतो, पण आपल्याच गावात शिरायला पैसे? ‘देणार नाही, देणार नाही, टोल आम्ही देणार नाही’ ही घोषणा तेव्हा शाळेतल्या पोरांनासुद्धा पाठ होती. एन. डी. पाटील आणि गोविंद पानसरे ही दोन म्हातारी माणसं पुढं होती आणि त्यांच्यामागं तालमी, रिक्षावाले, व्यापारी, सगळ्या पक्षांचे झेंडे. जानेवारी २०१४ मध्ये नाके पेटले. १६ फेब्रुवारी २०१५ ला सकाळी फिरून घरी येताना पानसऱ्यांवर गोळ्या झाडल्या, २० तारखेला ते गेले. त्याच वर्षी डिसेंबरात टोल रद्द झाला. तो त्यांनी बघितला नाही.

आता मला जे सांगायचं आहे ते.

आंदोलन लांबून बघणाऱ्याला वाटतं, तिथं सगळा वेळ काहीतरी घडत असतं. तसं नसतं. दहा मिनिटं घोषणा, मग तास-दीड तास वाट बघणं. शिष्टमंडळ आत गेलंय, ते बाहेर यायचंय. मुंबईहून फोन यायचाय. पुढचा वक्ता अजून पेठेत अडकलाय. चहा सांगितलाय, आला नाही. माणसं दुभाजकावर बसतात, चप्पल काढून तळवा दाबतात, ऊस कुठल्या कारखान्याला घातला ते एकमेकांना विचारतात. कोण कुणाचा पाहुणा, हे याच वेळात निघतं. आणि चेहरे दिसतात ते याच वेळात.

कारण ओरडणारे चेहरे एकसारखे असतात. तोंड उघडं, कपाळावर आठ्या, मानेची शीर ताठ, डोळे बारीक. आयुष्यभर चेहऱ्यांवर लाइट टाकत आलो, त्यावरून सांगतो, घोषणा देताना माणसाची ठेवणच बदलते. सख्ख्या भावाला भाऊ ओळखणार नाही. पेपरला तो फोटो लागतो, कारण त्यात ‘संताप’ दिसतो. पण तो संताप कुणाचाही असू शकतो, कैरोचा, ढाक्याचा, गडहिंग्लजचा. तोंड मिटलं की मग कळतं, हा शाहू मिलमध्ये होता, मिल बंद पडल्यापासून पेन्शनच्या कागदांमागं आहे. ही कपिलतीर्थ मार्केटात मेथी-पोकळा घेऊन बसते, आज पाटी शेजारणीवर टाकून आली आहे.

बंद पुकारला की माझ्यासारख्याचं एक काम आपोआप व्हायचं. महाद्वार रोडपासून राजारामपुरीपर्यंत सगळी शटरं खाली. आडव्या पन्हाळीची राखाडी शटरं, काहींचा निळा रंग उडालेला, खाली कुलपाशी तेलाचा डाग. एरवी या शहरात कुठंही कॅमेरा लावा, माणसाच्या मागं तीन पाट्या, एक फ्लेक्स आणि मोबाइल रिचार्जचं पोस्टर येतंच. बंदच्या दिवशी मागं फक्त शटर. सकाळी नऊ-साडेनऊला रस्त्याची एक बाजू सावलीत असते, उजेड समोरच्या भिंतीवरून परतून मऊ होऊन येतो. त्या उजेडासाठी आम्ही स्टुडिओत छत्र्या लावतो. म्हणायचं, “काका, जरा इकडं शटरपाशी उभारता का? एक फोटो काढतो.”

उभे राहायचे. आणि उभं राहिल्याबरोबर मूठ वर जायची.

हे पेपरवाल्यांनी शिकवलेलं. आंदोलनात फोटो म्हणजे मूठ, हे सगळ्यांना ठाऊक झालेलं असतं. उद्यमनगरातल्या फौंड्रीत मोल्डिंगचं काम करणारे एक काका होते. अंगात धुतलेला पांढरा शर्ट, गळ्याचं बटणसुद्धा लावलेलं. पण मानेच्या वळीत बारीक काळी वाळू बसलेली, ती साबणानं निघत नाही. डाव्या भुवईचे केस अर्धे गेलेले. वितळलेलं लोखंड ओतताना ठिणग्या उडतात, त्याची ती खूण. त्यांनी मूठ वर केली आणि तोंड आवळून धरलं. मी कॅमेरा डोळ्याला लावून नुसता उभा.

“काढलास का?”

“न्हाय अजून.”

“मग कशाची वाट बघालाईस?”

“तुमचा हात दुखायची.”

हसले नाहीत. पण हात हळूहळू खाली आला, खांदा सैल झाला, दुसऱ्या हातानं त्यांनी कोपर चोळलं आणि ‘आता ह्याचं काय करायचं’ अशा नजरेनं सरळ माझ्याकडं बघितलं. तेव्हा काढला. तो फोटो आजही स्टुडिओत आतल्या भिंतीवर आहे. त्यात त्यांची मूठ नाही, बॅनर नाही, टोलचा शब्दही कुठं नाही. पण ह्या माणसाला कुणी फसवू बघितलं तर तो काय करेल, हे त्या चेहऱ्यात मला जेवढं दिसतं तेवढं वर गेलेल्या मुठीत दिसत नव्हतं.

बायकांचं वेगळं असायचं. त्यांना आधी पदर सारखा करायचा असे. एक मावशी म्हणाल्या, “थांब, केसं बांधू दे. आणि डोळं झाकलं तर सांग बाबा. लग्नाच्या फोटूत झाकल्यात माझं, आजून ऐकून घेत्या.” दुसऱ्या एकीनं अट घातली, “काढ की, पन पेपरात द्यायचा न्हाय. सासूला सांगून आलिया, दवाखान्यात चाल्ली म्हनून.” कुणाकुणाला आपण आंदोलनात आहोत हे सगळ्या जगाला दाखवायचं असतं, कुणाला ते घरातल्या चार माणसांपासूनही लपवायचं असतं, आणि दोघंही एकाच रांगेत उभी असतात. गच्चीवरून हे कळत नाही.

याच मुद्द्यावर मला २०१६ चा मूक मोर्चा आठवतो. १५ ऑक्टोबरला कोल्हापुरात जो मराठा क्रांती मोर्चा निघाला, त्यात घोषणा नव्हत्या. पुढं मुली आणि बायका, मागं रस्ता दिसेल तिथवर माणसं, आणि आवाज नाही. मागण्यांवर प्रत्येकाचं मत वेगळं असेल, तो वाद इथं नको. पण फोटोच्या अंगानं ती एक विलक्षण संधी होती. लाखो माणसं तोंड मिटून चाललेली, म्हणजे लाखो चेहरे आपापल्या ठेवणीत. आणि दुसऱ्या दिवशी पानभर काय छापून आलं? ड्रोन शॉट. नवीन खेळणं हाताशी आलं होतं, तेव्हा जो तो आकाशात. वरून बघितलं की संख्या दिसते, संख्या दाखवायचीच होती हेही मान्य. तरी मला अजून हळहळ वाटते.

तसं बघितलं तर बिनआवाजाच्या चेहऱ्याचं या गावाला वावडं नाही. बाबूराव पेंटरांनी इथंच स्वतःच्या हातानं सिनेमाचा कॅमेरा बनवला आणि त्यांच्या कंपनीनं १९२५ मध्ये सावकारानं नागवलेल्या शेतकऱ्यावर मूकपट काढला. देवादिकांचे आणि राजेरजवाड्यांचे सिनेमे निघत असताना पडद्यावर साधा कुणबी. भाई माधवराव बागल, ज्यांनी संस्थानात प्रजापरिषदेची चळवळ उभी केली, तेही मुळात चित्रकार. बिंदू चौकात फुले आणि आंबेडकरांचे पुतळे १९५० मध्ये उभे राहिले ते त्यांच्याच पुढाकारानं, बाबासाहेब हयात असताना. चेहरा कसा धरायचा हे चळवळीतल्या माणसाला ठाऊक होतं, असा हा काळ. आता चळवळीतल्या माणसाला फक्त कॅमेऱ्याचा कोन ठाऊक असतो. असो, म्हातारपणाची कुरकुर म्हणून सोडून द्या.

स्थिर उभ्या राहिलेल्या बंडखोरांचे सगळ्यात जुने फोटो मला माहीत आहेत ते पॅरिसचे. १८७१ च्या वसंतात पॅरिसच्या कामगारांनी आणि कारागिरांनी शहर ताब्यात घेतलं, कम्यून, म्हणजे शहराचं स्वतःचं सरकार, स्थापन केलं. १६ मे रोजी त्यांनी व्हांदोम चौकातला नेपोलियनचा उंच स्तंभ पाडला आणि पडलेल्या स्तंभापाशी उभं राहून फोटो काढून घेतले. तेव्हा फोटो काचेवर घ्यायचे, ती काच ओली असतानाच उजेड द्यावा लागे, काही सेकंद हलायचं नाही. त्यामुळं क्रांती करून आलेली ती माणसं फोटोत अशी उभी आहेत की वाटावं, सहकारी सोसायटीचा वार्षिक ग्रुप फोटो आहे. टोप्या, बंदुका, हात कमरेवर, चेहरे शांत. एकेक ओळखू येतो.

आणि तेच नडलं. मे संपता संपता सरकारी फौजा शहरात शिरल्या, हजारोंनी माणसं मारली गेली आणि उरलेल्यांना हुडकायला पोलिसांनी हेच फोटो हातात घेतले. हौसेनं, अभिमानानं काढून घेतलेले.

हे वाचल्यापासून माझ्या कामात एक खडा आहे. चेहरा नीट यावा, डोळ्यांवर फोकस असावा, सावली नाकावर पडू नये, यासाठी मी जे जे करतो, ते सगळं ओळख पटवणाऱ्याच्याही सोयीचं असतं. आपल्या गावातलंच बघा. १९४२ मध्ये भागीरथीबाई तांबट आणि जयाबाई हावेरी यांनी भर चौकातल्या गव्हर्नर विल्सनच्या पुतळ्यावर डांबर ओतलं. पुढं तो पुतळा गेला आणि त्या जागी शिवाजी महाराजांचा पुतळा उभा राहिला. आज वाटतं, त्या क्षणी तिथं कुणीतरी कॅमेरा घेऊन असायला हवं होतं. असतं, तर तो फोटो पहिल्यांदा कुणाच्या टेबलावर गेला असता?

२०१९ मध्ये हाँगकाँगची पोरं मास्क आणि छत्र्या घेऊन रस्त्यावर उतरली ती याच भीतीनं. सरकारनं ऑक्टोबरात मास्कवरच बंदी घातली. आपल्याकडे मार्च २०२० मध्ये संसदेतच सांगण्यात आलं की दिल्लीच्या दंगलीतले चेहरे सॉफ्टवेअरमध्ये घालून मतदार ओळखपत्र आणि ड्रायव्हिंग लायसन्सच्या फोटोंशी जुळवले, आणि हजाराच्या वर माणसं ओळखली. दंगेखोर पकडला जावा, याबद्दल दुमत नाही. पण यंत्राला दंगेखोर आणि मोर्चेकरी यांतला फरक कळत नाही, तो सांगणाऱ्यावर अवलंबून. त्या बातमीपाशी मी बराच वेळ थांबलो. मतदार ओळखपत्राच्या अर्जाला चिकटवलेला फोटो कुठून आलेला असतो? कुठल्यातरी गल्लीतल्या स्टुडिओतून. “हनुवटी जरा खाली, कान दोन्ही दिसू देत, हसू नका.” हे वाक्य मी उभ्या जन्मात किती वेळा म्हटलं असेल, त्याला हिशेब नाही.

जगात जे फोटो अजरामर झाले त्यात कित्येकदा चेहराच नाही, हेही यात बसतं. १९८९ मध्ये बीजिंगमध्ये रणगाड्यांपुढं उभा राहिलेला माणूस आपल्याला पाठमोरा माहीत आहे. हातात पिशव्या, बाजार करून निघाल्यासारख्या. नाशिकहून मुंबईपर्यंत शेतकरी चालत आले त्या मार्च २०१८ च्या लाँग मार्चमधला कुठला फोटो तुम्हाला आठवतो? बहुतेकांना पाय आठवतात. सोललेले, फोड आलेले तळवे. त्या तळव्यांनी मुंबईकरांना पाझर फुटला, माणसं पाणी आणि चपला घेऊन धावली, त्यामुळं त्या फोटोंचं मोल मी कमी करत नाही. तरी, ज्या बाईचा तो तळवा आहे ती दिसायला कशी आहे?

युक्रेनच्या राजधानीत, किव्हच्या ‘मैदान’ नावाच्या चौकात, सरकारविरोधी आंदोलन चालू असताना २०१४ च्या फेब्रुवारीत एका ब्रिटिश छायाचित्रकार बाईनं जे केलं ते बघून मला धीर आला. चौफेर टायर जळत होते, जगभरचे कॅमेरे आगीवर. तिनं बॅरिकेडपाशी एक काळा पडदा लावला, एकेका माणसाला बोलावलं आणि पडद्यापुढं उभं केलं. आग नाही, धूर नाही, झेंडे नाहीत. पुरुष येत ते हेल्मेट घालून, घरी जोडजाड केलेली चिलखतं चढवून. नंतर माणसं मारली गेली तेव्हा बायका आल्या, त्यांच्या हातात मेलेल्यांसाठी आणलेली फुलं. तिचा काळा पडदा आणि माझं शटर यात अंतर फार आहे, तिच्या डोक्यावर गोळ्या होत्या आणि माझ्या डोक्यावर फार तर ऊन. पण गर्दीतून एक माणूस बाजूला काढून त्याला ‘तू उभा राहा, मी थांबतो’ असं म्हणणं, हे एकच काम.

आता फ्लेक्सबद्दल बोललं नाही तर कोल्हापूरचा लेख म्हणायची सोय नाही. या गावात चेहऱ्यांची टंचाई नाही. कुठल्याही चौकात उभं राहा. वर सगळ्यात मोठा साहेबांचा चेहरा, मग उतरत्या मापाचे मधले, ज्याचा वाढदिवस तो गॉगल घालून मध्यभागी, आणि खाली शुभेच्छुकांची रांग, तिकिटाच्या आकाराची. त्या रांगेतले निम्मे फोटो आमच्यासारख्यांनी काढलेले. टोल रद्द झाल्यावर एका मंडळाचा कार्यकर्ता आला, भला पोरगा, म्हणाला, “तुमच्याकडं आंदोलनाचे लई फोटो हायत म्हनं. द्या की, फ्लेक्सला टाकतो. ‘विजयाचे शिल्पकार’.” मी विचारलं, कुणाचे टाकणार? त्यानं नावं सांगितली. त्यातलं एकही माझ्या शटरच्या फोटोंत नव्हतं. मग शटरचे दाखवले. त्यानं मनापासून बघितले, एकापाशी थांबून “हे आमच्या गल्लीतलं आज्जा की!” म्हणाला, आणि परत देऊन टाकले. “लई भारी हायत. पन ह्यास्नी कोन वळखतंय?”

प्रिंट मात्र मी ज्याच्या त्याला पोचवल्या. हे काम फोटो काढण्यापेक्षा जड. कुणी पत्ता दिलेला ‘मारुतीच्या देवळामागं, विचारा कुणालापण’. कुणी गाव बदललेलं. मेथीवाल्या मावशींनी प्रिंट हातात घेऊन बराच वेळ निरखली आणि विचारलं, “आंदोलनातला म्हंतोस, मग ह्यात मी वरडत कशी न्हाय?” नाराजी होती की समाधान, मला कळलं नाही. त्यांनी ती प्लास्टिकच्या पिशवीत घालून पाटीच्या तळाशी सपाट ठेवली, वर पोतं, पोत्यावर भाजी.

शाहू मिलवाले बाबा वेगळेच. त्यांनी प्रिंट बघितली आणि मुलाला हाक मारली. “ह्यो बघ. मी गेल्यावर ह्योच लावायचा. त्यो आधारचा लावशील तर बघ.” आमच्या धंद्यात हे नवीन नाही. वय झालेली माणसं ‘चांगला एक काढून ठेव’ म्हणून येतात, कशासाठी ते दोघांनाही ठाऊक असतं. पण आंदोलनातला फोटो हारासाठी निवडलेला मी पहिल्यांदाच बघितला. मुलगा ओशाळून हसत होता. पुढं ते गेले आणि मुलानं शब्द पाळला. पेपरातल्या छोट्या जाहिरातीत, ‘भावपूर्ण श्रद्धांजली’च्या खाली, मागं शटरच्या पन्हाळी बारीक दिसत होत्या. ती कुठली भिंत, हे त्यांच्या गल्लीबाहेर कुणाला कळलं नसेल.

गेल्या दशकात सगळंच उलटं झालं. जुलै २०२५ च्या शेवटी नांदणीच्या मठातली महादेवी हत्तीण न्यायालयाच्या आदेशानं जामनगरच्या ‘वनतारा’ या प्राणी केंद्रात नेली आणि सगळा जिल्हा पेटून उठला. ते केंद्र ज्या उद्योगसमूहाचं, त्याच्या मोबाइल कंपनीची सिमकार्डं माणसांनी चिडून बदलली. ३ ऑगस्टला नांदणीहून कोल्हापूरच्या कलेक्टर कचेरीपर्यंत लोक चालत आले. हत्तीण ठेवावी की न ठेवावी यावर माझ्या घरातच दोन मतं आहेत. फोटोवाला म्हणून मात्र दोन गोष्टी दिसल्या. एक, प्रत्येकाच्या हातात कॅमेरा आणि तो बहुतेक वेळ स्वतःकडं वळलेला. आता कुणाला शटरपाशी उभं करायची गरज नाही, ज्याचा चेहरा त्याच्याच फोनमध्ये, गाण्यासकट. दुसरी, महादेवीला निरोप देताना रडलेल्या माणसांचे व्हिडिओ. ओरडताना माणसं एकसारखी दिसतात असं मी वर म्हटलंय. रडताना तसं होत नाही. कुणी तोंड झाकतं, कुणाचा खालचा ओठ आत जातो, एक गडी तर नुसता डोळे न मिटता बघत होता. ते व्हिडिओ सगळ्या जगात गेले. त्यातल्या किती जणांना कुणी विचारलं असेल?

मी विचारतो, आणि हल्ली उत्तरंही बदलली आहेत. पूर्वी म्हणायचे, “पेपरात येईल का?” आता तरुण पोरं म्हणतात, “टॅग करणार का?” आणि साठीच्या पुढची माणसं म्हणतात, “कुठं टाकणार न्हाईस न्हवं?” दोघांनाही मी एकच सांगतो, कागदावर प्रिंट काढून देईन. पोरांचा चेहरा उतरतो.

चाळीसहून जास्त वर्षं कोल्हापूरचे वकील मुंबई उच्च न्यायालयाच्या खंडपीठासाठी भांडले. १८ ऑगस्ट २०२५ पासून सर्किट बेंचचं कामकाज इथं सुरू झालं. कुणीतरी त्यातल्या एकाच वकिलाचा फोटो, कोर्टाच्या त्याच पायरीवर, दर वर्षी काढून ठेवला असता तर! ज्युनिअर असताना काळेभोर केस आणि खांद्यावर ढगळ कोट. शेवटच्या फोटोत कोट बेताचा, केस पांढरे. आंदोलन किती चाललं हे सांगायला दुसरा पुरावा लागला नसता. माझ्या डोक्यात हे आलं तोवर बेंच सुरू झालं होतं.

राहिली नावं. पेपरच्या ओळीत पुढाऱ्यांची नावं डावीकडून उजवीकडं असतात आणि बाकीच्यांना ‘आंदोलक’ म्हणतात. ‘एक संतप्त महिला’. मला ते पटत नाही. चेहरा घेतला तर नाव घ्यायला हवं, नाहीतर तो माणूस पुन्हा गर्दीत ढकलल्यासारखंच. म्हणून प्रत्येकाचं नाव, काम आणि गल्ली मी विचारून लिहून घेतली. पण केसेस झाल्या होत्या, कोर्टाच्या तारखांना पोरं खेटे घालत होती, आणि त्याच काळात ओळखीतला एक गृहस्थ स्टुडिओत येऊन, चहा घेऊन, अगदी गोडीत विचारून गेला की नाके पेटले त्या दिवसाचे काही फोटो आहेत का. कुणासाठी, ते त्यानं सांगितलं नाही. मी म्हटलं, पासपोर्टचे पाहिजेत तर आत्ता काढून देतो, अर्ध्या तासात प्रिंट.

तेव्हापासून फोटो एकीकडं आणि नावं एकीकडं. फाइलवर नुसते आकडे आहेत, हार्ड डिस्क स्टुडिओतच असते, कुणीही येऊन बघावी. नावांची वही कागदाची आहे, तिची कॉपी नाही, आणि ती कुठं असते ते माझ्या बायकोला ठाऊक आहे. इथं लिहीत नाही.